भटकणारे मन आणि परतीची वाट

पनवेल हे वाटांचे गाव आहे. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग शेजारच्या कळंबोलीपासून निघतो, गोव्याचा महामार्ग येथूनच दक्षिणेकडे वळतो आणि रेल्वेचे रूळ मुंबई, दिवा, कर्जत व रोहा अशा चारही दिशांना पांगतात. आता तर उशाशी विमानतळही उभा राहिला आहे. अशा गावात मुलांना एका जागी बसवून शिकविणे हे आमच्या शाळेचे काम. संध्याकाळी अभ्यासिकेत विद्यार्थी बसलेला असतो, पुस्तक उघडे असते, डोळे ओळीवर असतात. मन मात्र केव्हाच एखाद्या वाटेने निघून गेलेले असते. पालक सभेत आम्हांला सर्वाधिक ऐकू येणारे वाक्यही तेच असते : "सर, पोरगा हुशार आहे हो, पण त्याचं लक्षच लागत नाही."

हे वाक्य वरवर साधे वाटते. परंतु आपल्या समाजातील कित्येक मुलांची शाळा या एका वाक्यावर थांबलेली आहे. प्रथम 'लक्ष नाही', मग 'डोके नाही' आणि शेवटी 'कशाला शिकवायचे, कामाला लावू' अशी ही उतरण असते. ज्या घरात शिक्षण पहिल्या किंवा दुसऱ्याच पिढीपर्यंत पोहोचले आहे, तेथे ही उतरण फार निसरडी असते. म्हणून भटकणाऱ्या मनाविषयी बुद्धधम्माने काय सांगितले आहे आणि त्याचा अभ्यासिकेत व घरात कसा उपयोग करावा, याचा विचार आम्ही या लेखात करीत आहोत.

विहाराबाहेर काढलेला विद्यार्थी

धम्मपदावरील अट्ठकथेत आणि जातककथांत चूळपंथक नावाच्या भिक्खूची कथा येते. त्याचा थोरला भाऊ महापंथक आधीच संघात होता व अर्हत्पदाला पोहोचला होता. त्याने धाकट्याला पाठ करण्यासाठी एक गाथा दिली. चार महिने झाले तरी ती एक गाथा चूळपंथकाच्या तोंडी बसेना. नवी ओळ पाठ करावी तर जुनी निसटून जाई. अखेर भावानेच त्याला सांगितले की, तुला हे जमणार नाही, तू विहार सोडून जा.

पहाटे तो निघाला तेव्हा तथागत त्याला वाटेत भेटले. त्यांनी त्याला परत आणले, एक स्वच्छ पांढरे वस्त्र दिले आणि पूर्वेकडे तोंड करून बसण्यास सांगितले. 'मळ दूर होवो' अशा अर्थाचा एकच शब्द उच्चारीत ते वस्त्र हाताने चोळत राहायचे, एवढेच काम. सूर्य वर चढला, हाताला घाम आला, वस्त्र मळू लागले. स्वच्छ वस्तू कशी बदलते हे चूळपंथकाने डोळ्यांनी पाहिले, आणि जे गाथेतून कळले नव्हते ते वस्त्रातून कळले. पुढे चित्ताच्या साधनेत अग्रगण्य ठरलेल्या भिक्खूंमध्ये त्याची गणना झाली.

या कथेतील चमत्काराचा भाग बाजूला ठेवला तरी शिक्षकाला शिकण्यासारखे पुष्कळ उरते. महापंथक दुष्ट नव्हता. त्याच्याजवळ पाठांतर हे एकच माप होते. तथागतांनी विद्यार्थी बदलला नाही, काम बदलले. हाताला काम दिले, मनाला एकच शब्द दिला, बसायला जागा दिली. आणि मुख्य म्हणजे, जो निघून चालला होता त्याला स्वतः जाऊन परत बोलावले.

गढूळ पाण्यात चेहरा दिसत नाही

संयुत्त निकायात संगारव नावाच्या ब्राह्मणाचा एक प्रश्न नोंदलेला आहे. दीर्घकाळ घोकलेले मंत्रसुद्धा कधी कधी ऐन वेळी आठवत नाहीत, आणि कधी न घोकलेलेही आठवतात, असे का व्हावे? परीक्षेला बसलेल्या प्रत्येक विद्यार्थ्याचा हाच प्रश्न आहे. तथागतांनी उत्तरादाखल पाण्याने भरलेल्या भांड्याची उपमा दिली. पाणी स्वच्छ व स्थिर असेल तर त्यात आपला चेहरा दिसतो. परंतु पाच प्रकारच्या पाण्यांत तो दिसत नाही, आणि तसेच पाच अडथळे मनाला असतात. पालि भाषेत त्यांना 'नीवरणे' म्हणतात.

पहिले पाणी रंग मिसळलेले; हा कामच्छंद, म्हणजे सुखाची ओढ. आमच्या मुलांच्या बाबतीत ती खेळाची, खाऊची आणि मोबाइलची असते. दुसरे पाणी उकळणारे. हा व्यापाद, म्हणजे राग. मैदानावरचे भांडण मनात घेऊन आलेले मूल तासभर पुस्तकासमोर बसते आणि आतल्या आत उकळत असते. तिसरे पाणी शेवाळाने झाकलेले. हे थीनमिद्ध, म्हणजे सुस्ती व झापड. चौथे पाणी वाऱ्याने हेलावलेले. हे उद्धच्च-कुक्कुच्च, म्हणजे अस्वस्थता आणि झाल्या गोष्टीची रुखरुख. पाचवे पाणी गढूळ आणि अंधारात ठेवलेले. ही विचिकिच्छा, म्हणजे शंका. 'मला हे येणारच नाही', 'आपल्यासारख्यांना कुठे गणित जमते', ही शंका पहिल्या पिढीच्या विद्यार्थ्याला आतून पोखरते.

ही विभागणी उपयोगाची आहे, कारण पाच पाण्यांना उपाय एक नाही. झोप अपुरी झालेल्या मुलाला रागावून उपयोग नाही. त्याला लवकर झोपविले पाहिजे. रागाने उकळणाऱ्या मुलाला प्रथम बोलू दिले पाहिजे. शंकेने गढूळ झालेल्या मुलाला त्याला नक्की सुटेल असे एक सोपे उदाहरण द्यावे आणि तेथून वर चढवावे. आपण मात्र पाचही जणांना एकच वाक्य ऐकवितो : "लक्ष दे."

येथे आणखी एक गोष्ट स्पष्ट सांगणे आवश्यक आहे. काही वेळा अडथळा मनाचा नसतोच. फळा नीट न दिसणारे, कानाने कमी ऐकणारे किंवा अंगात रक्त कमी असलेले मूल 'लक्ष नसलेले' वाटते. शासनाच्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात शाळेतच मुलांची तपासणी होते. तिचा अहवाल पालकांनी गांभीर्याने घ्यावा. दीर्घकाळ, घरी आणि शाळेत दोन्हीकडे, मूल अजिबात स्थिर होऊ शकत नसेल तर तज्ज्ञ डॉक्टरांचा सल्ला घेण्यात कमीपणा मानू नये.

पाच उपाय आणि त्यांचा क्रम

मज्झिम निकायातील वितक्कसण्ठान सुत्तात नको असलेल्या विचारांना दूर करण्याचे पाच उपाय सांगितले आहेत. मूळ उपदेश ध्यान करणाऱ्या भिक्खूंना आहे. तथापि विद्यार्थ्यालाही तो तंतोतंत लागू पडतो. एक उपाय अपुरा पडला तर पुढचा वापरावा, असा त्यांचा क्रम आहे.

पहिला उपाय बदलाचा. सुतार जाड पाचर काढण्यासाठी बारीक पाचर ठोकतो, तसा एका विचाराच्या जागी दुसरा चांगला विचार बसवावा. वाचताना मन उडत असेल तर वाचणे थांबवून लिहावे. इतिहासाचा धडा असेल तर सनावळीचा तक्ता काढावा. विज्ञानाचा असेल तर आकृती. हाताला काम मिळाले की मनाला पकड मिळते. चूळपंथकाच्या वस्त्राचे मर्म हेच होते.

दुसरा उपाय तोटा पाहण्याचा. नटण्याची हौस असलेल्या तरुणाच्या गळ्यात कोणी मेलेला साप अडकविला तर त्याला जशी किळस येईल, तसा त्या विचाराचा दोष पाहावा, असे सुत्तात म्हटले आहे. विद्यार्थ्याने दिवसाच्या शेवटी वहीत एवढेच लिहावे की, आज किती वेळ कशात गेला. स्वतःच्या हाताने लिहिलेला हिशेब शंभर उपदेशांहून बोलका असतो.

तिसरा उपाय दुर्लक्षाचा. जे पाहायचे नाही त्याकडून मनुष्य डोळे मिटतो किंवा मान वळवितो. आजच्या घरात याचा साधा अर्थ असा की, अभ्यासाच्या वेळी मोबाइल त्या खोलीत नसावा. तो समोर ठेवून 'पाहू नकोस' असे सांगणे म्हणजे अर्धी शक्ती न पाहण्यातच खर्च करावयास लावणे होय.

चौथा उपाय मुळाकडे जाण्याचा. भरभर चालणारा मनुष्य स्वतःलाच विचारतो, मी इतका भरभर का चाललो आहे? मग हळू चालतो, मग उभा राहतो, मग बसतो. तसा विचाराचा माग काढीत जावे. वसतिगृहात हा उपाय आम्ही सर्वांत मोलाचा मानतो. नव्याने दाखल झालेल्या मुलाचे मन पुस्तकातून घराकडे धावते, यात नवल नाही. वडिलांचे आजारपण, आईवर आलेला भार किंवा पेरणीसाठी काढलेले कर्ज त्या लहान मनात घर करून बसलेले असते. गृहपालाने किंवा शिक्षकाने शेजारी बसून हळू आवाजात विचारले, तर दोन-तीन प्रश्नांतच मूळ सापडते. ते सापडले की निम्मी चंचलता आपोआप ओसरते.

पाचवा उपाय निग्रहाचा. दातांवर दात दाबून, जीभ टाळूला लावून, बलवान माणसाने दुर्बलाला दाबून धरावे तसे मनाला धरावे. हा उपाय सांगितला आहे, हे खरे. परंतु तो शेवटी सांगितला आहे. आधीचे चार करून पाहिल्यावर हा. आपल्या घरांत आणि शाळांत नेमके उलटे घडते. दटावणे, धाक, दात-ओठ खाऊन बसविणे हा पाचवा उपाय आपण पहिला वापरतो. आणि तो फसला की उपायच संपले असे समजून मुलावर शिक्का मारतो. हा क्रम सरळ करणे एवढे जरी आपण केले, तरी पुष्कळ मुले वाचतील.

श्वासाचा खुंटा

संयुत्त निकायातच सहा प्राण्यांची उपमा आहे. साप, मगर, पक्षी, कुत्रा, कोल्हा आणि माकड हे सहा प्राणी एकमेकांना बांधून सोडले तर साप वारुळाकडे ओढतो, मगर पाण्याकडे, पक्षी आकाशाकडे, कुत्रा गावाकडे, कोल्हा स्मशानाकडे आणि माकड रानाकडे. आपली पाच इंद्रिये व मन यांची ओढाताण अशीच चालते. त्यांना एका भक्कम खांबाला बांधले की ते ओढून ओढून थकतात आणि त्या खांबाजवळच बसतात. स्वतःच्या देहाविषयीची जागरूकता म्हणजे हा खांब. तीत सर्वांना सहज सापडणारा आधार म्हणजे श्वास. म्हणून आनापान सति, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्या श्वासाचे भान, हा मनाच्या शिक्षणाचा पहिला धडा ठरला.

महाराष्ट्रात या धड्याला मोठी परंपरा लाभली आहे. सत्यनारायण गोयंका गुरुजी १९६९ साली ब्रह्मदेशातून भारतात आले व त्याच वर्षी त्यांनी मुंबईत पहिले शिबिर घेतले. १९७६ पासून इगतपुरीच्या धम्मगिरीवर शिबिरे सुरू झाली. आपल्या जवळ बेलापूरच्या पारसिक टेकडीवर धम्म विपुल हे केंद्र आहे. शालेय मुलांसाठी आनापानाची लहान शिबिरे होतात. राज्याचा शालेय शिक्षण विभाग आणि विपश्यना विशोधन विन्यास यांच्या 'मित्र उपक्रमा'तून आनापान अनेक शाळांच्या परिपाठापर्यंत पोहोचले आहे.

पद्धत अगदी साधी आहे. पाठ सरळ ठेवून बसावे, डोळे मिटावे आणि नाकातून आत-बाहेर होणारा नैसर्गिक श्वास केवळ जाणावा. तो लांब करू नये, रोखू नये. मन निघून जाईल. गेल्याचे लक्षात आले की रुसवा न धरता पुन्हा श्वासाकडे यावे.

येथेच बहुतेकांचा गैरसमज होतो. दहा मिनिटांत मन वीस वेळा पळाले तर मुलाला वाटते, आपल्याला हे जमले नाही. वास्तविक, पळाल्याचे वीस वेळा लक्षात आले आणि वीस वेळा परत येता आले, हाच तो अभ्यास. दंडाचे बळ वजन उचलून धरल्याने नव्हे, तर पुनःपुन्हा उचलल्याने वाढते. प्रौढांच्या दहा दिवसांच्या विपश्यना शिबिरातही, मौन पाळून व मोबाइल जमा करून, पहिले साडेतीन दिवस केवळ श्वासच पाहावयास सांगतात. जाणत्या माणसाला जर एवढा अवकाश लागतो, तर बारा वर्षांच्या मुलाने पहिल्याच आठवड्यात निश्चल बसावे, ही अपेक्षा न्यायाची नव्हे.

घराचा वाटा

एकाग्रतेचा विषय निघाला की आपण बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव घेतो, आणि ते योग्यच आहे. १४ एप्रिलच्या निमित्ताने ठिकठिकाणी सलग अठरा तास अभ्यासाचे उपक्रमही होतात. त्यांतील श्रद्धा आम्हांला वंदनीय वाटते. परंतु मुलांना केवळ 'अठरा तास' हा आकडा सांगून आपण चरित्राचा अर्धाच भाग सांगतो.

उरलेला अर्धा भाग परळच्या चाळीतील एका खोलीत आहे. त्या खोलीत संसाराचे सामान, चुलीचा धूर आणि माणसांची दाटी होती. उशाशी जाते आणि पायाशी बांधलेली शेळी, अशा जागेत भीमराव झोपत. जागा वाढविणे सुभेदार रामजींच्या हाती नव्हते; म्हणून त्यांनी वेळ निराळी काढली. मुलाला लवकर झोपवायचे, स्वतः रात्री दोनपर्यंत जागायचे, दोन वाजता त्याला उठवायचे आणि मग आपण झोपायचे. चाळ निजलेली असताना, मिणमिणत्या दिव्याच्या उजेडात तो विद्यार्थी वाचीत बसे. १९०७ साली एल्फिन्स्टन हायस्कूलमधून तो मॅट्रिक झाला. त्या आधी चर्नी रोडच्या बागेत वाचीत बसलेल्या या मुलाची कृष्णाजी अर्जुन केळुसकर या शिक्षकाने आपुलकीने विचारपूस केली होती. मॅट्रिकच्या सत्कारात त्यांनीच आपण लिहिलेले गौतम बुद्धाचे चरित्र त्याला भेट दिले.

बाबासाहेबांची प्रज्ञा त्यांची स्वतःची होती. परंतु तिला शांत तास मिळवून देणारा एक पिता होता, आणि पुस्तकात बुडालेला मुलगा पाहून थांबणारा एक शिक्षक होता. एकाग्रता हा केवळ मुलाचा गुण नव्हे. ती घराने आणि समाजाने करून दिलेली सोयही असते.

सह्याद्रीतील लेणी हेच सांगतात. बोरघाटाच्या परिसरातील कार्ले-भाजे ही लेणी कोकणातून घाटावर जाणाऱ्या जुन्या व्यापारी मार्गालगत आहेत. भिक्खूंनी जगाची वर्दळ बंद पाडली नाही. वर्दळीपासून हाकेच्या अंतरावर दगडी ओट्याची एक लहान कोठडी कोरून घेतली. आपल्यालाही महामार्ग बंद करता येणार नाहीत. घरातला एक कोपरा आणि दिवसातला एक तास मात्र कोरून काढता येईल.

बगळ्याचे ध्यान

एक सावधगिरी शेवटी नोंदविली पाहिजे. बगळाही एका पायावर अत्यंत एकाग्र असतो. त्याचे लक्ष मासळीवर असते. मोबाइलवर खेळ खेळणारे मूलही तासन्‌तास हलत नाही. म्हणजे एकाग्रता ही स्वतःहून चांगली नव्हे. मोबाइलच्या खेळात मन बांधलेले असते, पण दोरी दुसऱ्याच्या हाती असते. धम्मात समाधीच्या मागे 'सम्यक्' हा शब्द आहे आणि तिच्या पायाशी शील आहे. बाबासाहेबांनीही विद्येबरोबर शीलाचा व करुणेचा आग्रह धरला. मन स्थिर करावयाचे ते परीक्षेतील गुणांसाठी, हे खरेच. पण त्याहून अधिक, दुसऱ्याचे दुःख नीट ऐकू यावे आणि अन्याय नीट दिसावा यासाठी.

म्हणून पालकांना आमची विनंती आहे की, सुट्टीत मुले घरी आली की सायंकाळचा एक तास घरातील दूरदर्शन व सर्वांचे मोबाइल बंद ठेवावेत. केवळ मुलाचे नव्हे, सर्वांचे. त्या तासात आपणही काही वाचावे. वाचता येत नसेल तर निवडण्या-टिपण्याचे काम घेऊन मुलाजवळ बसावे. झोपण्यापूर्वी दहा मिनिटे सर्वांनी मिळून श्वास पाहावा. मूल किती वेळ बसले हे मोजू नये. उठून गेलेले मूल परत येऊन बसले, तर त्याचे कौतुक करावे.

माजी विद्यार्थ्यांना आमचे सांगणे याहून थोडे वेगळे आहे. तुमच्या वस्तीत असा एखादा चूळपंथक असेलच, ज्याला 'डोके नाही' म्हणून शाळेतून काढण्याची भाषा चालू आहे. आठवड्यातून एक संध्याकाळ त्याच्या शेजारी बसा. त्याच्या पाण्याला कोणता दोष आहे ते पाहा, आणि त्याला जमेल असे पहिले काम त्याच्या हाती द्या. तो वाटेला लागण्यापूर्वी त्याला गाठणारे कोणीतरी असावे, यासाठीच तर ही शाळा उभी राहिली.